सुभाषनगरच्या मावशींना

मावशी, नमस्कार.

नातू मोबाइलवर वाचून दाखवेल, हे धरून लिहितोय.

जून 2025 मध्ये मिलानच्या फॅशन शोमध्ये प्राडा या इटालियन फॅशन कंपनीच्या मॉडेलांच्या पायात कोल्हापुरीसारख्या चपला दिसल्या आणि माइकवाल्यांचे पाय आपल्या कोल्हापूरकडे वळले. त्याच सुमाराला, चपला करणाऱ्या तुमच्यावर माहितीपट करायचा म्हणून मीही कॅमेऱ्याची तिवई घेऊन तुमच्या दारात उभा राहिलो. "कसं वाटतंय?" विचारलं. तुम्ही पदर सारखा केलात, "सरकारनं लक्ष द्यावं" असं पाठ असल्यासारखं बोललात आणि मग म्हणालात, "झालं न्हवं? आता बस गप. तू तुझं कर, मी माझं करतो."

बसलो. चार महिने.

फ्रेडरिक वाइझमन या अमेरिकन दिग्दर्शकाने 1967 पासून असेच माहितीपट केले. मुलाखत नाही, निवेदन नाही, वरून चढवलेलं संगीत नाही. माणसं आपापलं काम करताना पाहत राहायचं, अर्थ लावायचा तो संकलनाच्या टेबलावर. हे मी वाचून आलो होतो. पण दुसऱ्याच्या दहा बाय बाराच्या खोलीत बसायचं कसं, ते तुम्ही शिकवलंत. 'हळूहळू कॅमेरा अदृश्य होतो' म्हणतात ते थोतांड आहे. तुमच्या सुनेला घागर घेऊन रोज माझ्या तिवईला वळसा घालावा लागायचा.

एकदा व्यापारी भाव पाडत होता. कोल्हापुरी चपलेला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, 2019 सालीच मिळालंय, पण त्या सौद्यात ते कुणाच्या तोंडी आलं नाही. मी टिपत होतो. चपलेच्या वेणीवरची नजर न हलवता तुम्ही म्हणालात, "हे नगं." मी कॅमेरा बंद केला. माझ्या हातातला सगळ्यात दमदार प्रसंग गेला, हे कबूल करतो. पण पुढची ऑर्डर तुम्हाला त्याच्याकडूनच यायची होती, मला नव्हे.

आणि माहितीपटाचा कच्चा कट पाहिलात तो दिवस! मला वाटलं, वेणी गुंफणारी बोटं, कातडं कापायची रापी, बाभूळ-हिरड्यात कमावलेलं कातडं, हे सगळं पाहून तुम्ही खूश व्हाल. तुम्ही विचारलंत, "हातच दाखवलाईस की रं. माझं तोंड कुठाय?"

खरंच नव्हतं. कारागिराचे हात दाखवले की आम्हाला माणूस दाखवल्यासारखं वाटतं. परत जाऊन सगळं फूटेज पाहिलं. नातवाचा गृहपाठ घेताना तुम्ही चिडता, दुपारी भिंतीला टेकून पेंगता, सुनेशी चहाच्या साखरेवरून वाद घालता. सगळं होतं, मीच बाजूला काढून ठेवलेलं. आता ते आत आहे.

पुण्याचा मित्र विचारत होता, "बाई असून 'करतो' का म्हणतात? खाली खुलासा टाक." टाकला नाही. कोल्हापुरात ऐकून घे म्हटलं.

आभार मानतो, मावशी. दिलेला चपलांचा जोड अजून चावतो. तुम्ही सांगितलंत तसं तेल लावतोय.

तुमचा,
तिवईवाला