झहीरभाई, त्या आखूड रन-अपसाठी आभार

प्रिय झहीर खान, म्हणजे आमचे झहीरभाई,

सप्रेम नमस्कार.

तुम्ही मला ओळखत नाही. मी डावखुरा मध्यमगती गोलंदाज, तालुक्याच्या स्पर्धांपलीकडे कधी गेलो नाही. पण माझं खेळणं सुटता सुटता राहिलं ते तुमच्यामुळे.

२००० साली नैरोबीत तुम्ही ऑस्ट्रेलियाच्या स्टीव्ह वॉची दांडी गुल केलीत. त्या दिवसापासून मी तुमच्यासारखाच लांबून धावत यायचो, शेवटी उंच उडी घ्यायचो आणि अंगातला सगळा जोर चेंडूत ओतायचो. श्रीरामपूरचा मुलगा भारताकडून तसा चेंडू टाकतो, मग आपल्याला का जमणार नाही, असं वाटायचं. विसाव्या वर्षी माझी पाठ गेली. दोन महिने अंथरुणावर होतो. घरचे म्हणाले, आता पुरे. मलाही ते पटत चाललं होतं.

त्याच सुमारास तुम्ही संघाबाहेर होता. इंग्लंडमधला २००६ चा काउंटी हंगाम वुस्टरशायरकडून खेळलात, ७८ बळी घेतलेत आणि परतलात ते वेगळेच गोलंदाज होऊन. रन-अप, म्हणजे चेंडू टाकण्याआधीची धाव, आखूड झाला होता, ती उडी गेली होती. वेगाचा हट्ट सोडून तुम्ही मनगटावर आणि सीमवर, म्हणजे चेंडूच्या शिवणीवर, भरवसा ठेवला होता. इतक्या वर्षांची सवय मोडायला किती धीर लागतो, हे मी स्वतः करून बघितल्यावरच कळलं.

मग २००७ चं इंग्लंडमधलं ट्रेंट ब्रिज. कसोटीत ९ बळी! डावखुऱ्या स्ट्रॉस आणि कुकला तुम्ही राउंड द विकेट, म्हणजे यष्ट्यांच्या दुसऱ्या बाजूने, येऊन टाकत होता. एक चेंडू आत, पुढचा बाहेर, आणि हात तोच. तो सामना जिंकला म्हणून २१ वर्षांनी आपण इंग्लंडमध्ये मालिका जिंकलो. मी मात्र टीव्हीसमोर बसून तुमची पावलं मोजत होतो. दुसऱ्या दिवशी मैदानावर जाऊन माझी रन-अपची खूण सहा पावलं पुढे घेतली.

पाठ पुन्हा तशी दुखली नाही.

२०११ च्या विश्वचषकातले तुमचे २१ बळी सगळ्यांनाच आठवतात. माझ्या मनात घर करून आहे ती २०१४ ची वेलिंग्टन कसोटी. न्यूझीलंडच्या मॅक्युलमने त्रिशतक ठोकलं, खेळपट्टी निर्जीव, आणि तुम्ही पस्तिशीत एका डावात ५१ षटकं टाकलीत. ५ बळी घेतलेत, शेवटी ३०२ वर मॅक्युलमलाही बाद केलंत. ती तुमची अखेरची कसोटी ठरली. आम्हाला तेव्हा ठाऊक नव्हतं, नाहीतर मी ती उभ्यानेच पाहिली असती.

आजही रविवारी खेळतो. चेंडू जुना झाला की तुमच्यासारखाच उजव्या तळव्याने झाकून धावत येतो. समोरच्याला चकाकती बाजू दिसत नाही, चेंडू कुठे वळेल ते कळत नाही, आणि मी मनातल्या मनात तुमचं नाव घेतो.

तुमचा ऋणी,
एक डावखुरा