काँगोतल्या बाया आणि आमची भिशी

संपादक साहेब, नमस्कार,
पेपरात काँगोचं नाव येतं ते एकतर बंडखोर नाहीतर इबोला, तिथल्या कमावत्या बायांबद्दल चार ओळी पण नसतात म्हणून लिहितेय. माझा भाचा आर्मीत, यूएनच्या शांतिसेनेतून तिकडच्या गोमा शहरात होता. गणपतीत मी हळदीच्या पानात पातोळे लावत होते तर बघून म्हणाला, मावशे, तिकडे क्वांगा असाच पानात बांधतात. कसावा म्हणजे एक कंद, तो बरेच दिवस पाण्यात भिजत घालायचा कारण कच्च्यात विष असतं, मग कुटायचा, पानात गुंडाळून वाफवायचा आणि डोक्यावर घेऊन बाजार गाठायचा. तिथल्या बुकावू शहरात तर बाया कपाळाला पट्टा अडकवून पाठीवर गोणी वाहतात, सरळ हमालीच ती! आणि भिशी पण आहे बरं का, त्यांच्या राजधानीत, किन्शासात, लिकेलेंबा म्हणतात, आम्ही मिरकरवाड्यात मासे विकणाऱ्या लावतो तश्शीच. २०१६ ला कायदा बदलला तोपर्यंत लग्न झालेल्या बाईला साधा कायदेशीर करार करायचा तरी नवऱ्याची परवानगी लागायची, मग भिशी नाहीतर काय करणार. २०२५ च्या जानेवारीत एम२३ नावाच्या बंडखोरांनी गोमा घेतलं, बँका बंद पडल्या, टोपलीवर पोट असणारीने काय केलं असेल? आम्ही जून-जुलैची मासेमारी बंदी आली की रडतो (रडायलाच लागतं, सुकट किती दिवस पुरणार).
तुमचा बातमीदार कधी त्यांच्याबद्दल लिहील का? पेपर आमच्याकडे आधी वाचला जातो, मासे नंतर बांधतो.
– एक मासेविक्रेती, रत्नागिरी