पोटगीचा आदेश झाला, वसुली कोणी करायची?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

बड्या घरच्या घटस्फोटात कुणी कोटीची पोटगी मागितली की आठवडाभर चर्चा झडते. मी तालुक्याच्या न्यायालयात लिपिक म्हणून नोकरी केली. तिथल्या पोटगीचे आकडे बायकोला तीन-चार हजार, मुलाला आणखी हजार-दीड हजार, असे असतात. तेही पहिल्या महिन्यापासूनच थकतात आणि वसुलीचं काम मात्र ज्या बाईला ते मिळायचे तिच्याच गळ्यात पडतं.

थकबाकीसाठी वेगळा वसुली अर्ज करावा लागतो. त्याची नोटीस निघते, ती चुकवली जाते, पुढची तारीख पडते. मग जप्तीचं वॉरंट. पण जप्त काय करायचं याची यादी अर्जदारानेच द्यायची. ज्या घरातून तिला हाकललं, तिथे आज फ्रीज आहे की विकला, हे तिला कोण सांगणार? शेवटी अटक वॉरंट पोलीस ठाण्यात जातं आणि बहुतेकदा तसंच परत येतं. अशा एका वॉरंटाच्या पाठीवर शेरा होता : 'सदर इसम दिलेल्या पत्त्यावर मिळून आला नाही.' त्याच फाइलीत त्याच इसमाचं त्याच महिन्याचं पगारपत्रक जोडलेलं होतं, हजेरी पूर्ण. कामावर जाऊन त्याला गाठावं असं कुणाला वाटलं नाही.

त्यात एक वर्षाची अट. रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत अर्ज केला नाही, तर त्या रकमेसाठी वॉरंट निघत नाही. त्यामुळे मागचा अर्ज रेंगाळत असतानाच नवा टाकावा लागतो. एकाच नवऱ्याविरुद्ध एकाच बाईचे तीन-तीन वसुली अर्ज चालू असलेले मी पाहिलेत. प्रत्येक तारखेला तिची मजुरी बुडते, एसटीचं भाडं जातं ते वेगळंच. जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी नवी नागरिक सुरक्षा संहिता आली, पोटगीच्या कलम १२५ चं १४४ झालं, ही अट मात्र जशीच्या तशी राहिली.

'महिनाभर आत बसून येतो, मग सुटलो' असं कोर्टाच्या व्हरांड्यात छातीठोकपणे सांगणारे पुष्कळ भेटतात. ते चूक आहे. तुरुंगवास हा वसुलीचा मार्ग आहे, त्याने देणं फिटत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये कुलदीप कौर खटल्यात स्पष्ट केलं आहे. तरी बायकांना हे कुणी सांगत नाही, आणि नवरा आत जाऊन आला की त्या दमून अर्ज सोडून देतात.

नोकरदार नवऱ्याच्या बाबतीत हा सगळा खटाटोप कशासाठी? त्याच्या पगारातून पतसंस्थेचा हप्ता एका पत्रावर कापला जातो. कौटुंबिक हिंसाचार कायदा, २००५ च्या कलम २० मध्ये तर सरळ म्हटलं आहे की नवऱ्याने रक्कम भरली नाही, तर मालकाला पगारातला हिस्सा थेट पत्नीला द्यायला किंवा न्यायालयात भरायला सांगता येईल. पोटगीच्या कलमात इतकं थेट वाक्य नाही, ते घालावं. फौजदारी प्रक्रिया समवर्ती सूचीत असल्याने महाराष्ट्राला आपल्यापुरती दुरुस्ती करता येते. पहिला हप्ता चुकला की वेगळ्या अर्जाची वाट न पाहता पत्र आस्थापनेच्या लेखा शाखेकडे जावं.

ज्यांना पगार नाही त्यांच्यासाठीही वाट आहे. थकलेली पोटगी दंडाप्रमाणे वसूल करायची असं कायद्यातच असल्याने न्यायालय जिल्हाधिकाऱ्यांमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी रक्कम काढू शकतं. जमिनीवर टाच येणार म्हटल्यावर भाऊबंदच 'पैसे भरून टाक' म्हणू लागतात, असा माझा अनुभव आहे. मात्र हा मार्ग क्वचितच वापरला जातो, कारण तशी मागणी अर्जातच नसते.

रजनेश विरुद्ध नेहा हा गाजलेला खटला मूळचा आपल्या नागपूरचाच. कौटुंबिक न्यायालयाने २०१५ मध्ये अंतरिम पोटगी दिली आणि नोव्हेंबर २०२० मध्ये थकबाकी भरण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाला द्यावा लागला. दोन्ही पक्षांनी मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र द्यावं आणि पोटगीची वसुली दिवाणी हुकूमनाम्याप्रमाणेही करता यावी, असं त्या निकालात सांगितलं आहे. आमच्याकडे ती प्रतिज्ञापत्रं येतात, पण निम्मे रकाने 'निरंक' असतात. खोटं निरंक लिहिणाऱ्यावर कारवाई झाल्याचं माझ्या पाहण्यात नाही. उच्च न्यायालयाने दर तिमाहीला प्रत्येक न्यायालयाकडून किती वॉरंटं काढली, किती बजावली आणि किती रक्कम वसूल झाली एवढा तक्ता मागवावा. इतर कामांचे असे तक्ते आम्ही दर महिन्याला भरतच होतो.

आपला,
एक निवृत्त न्यायालयीन कर्मचारी, जि. सातारा