२६ सामने कशासाठी?

प्रिय मंजिरी,

तुझ्या पत्रातली चिडचिड रास्त आहे. अमेरिकेच्या महिला फुटबॉल लीगमध्ये, एनडब्ल्यूएसएलमध्ये, २०२५ पर्यंत प्रत्येक संघ मार्चपासून नोव्हेंबरपर्यंत २६ सामने खेळायचा, पहिल्या आलेल्याला शील्ड मिळते, आणि मग बाद फेरी खेळवून कधीकधी कुणा तिसऱ्यालाच चॅम्पियन ठरवतात. मग ते २६ सामने कशासाठी, असं तू विचारतेस. माझ्या मते मुख्यतः घरचं मैदान कमावण्यासाठी. हे २०२४ च्या हंगामावरून सांगते, कारण त्या वर्षीच्या गुणतक्त्यात ते अगदी उघड दिसतं.

आधी त्या वर्षीची रचना बघ. संघ १४, तक्ता एकच. पूर्व-पश्चिम असे गट नाहीत. उरलेल्या १३ जणींशी एकदा घरी, एकदा बाहेर, म्हणून २६. विजयाला ३ गुण, बरोबरीला १. खालच्या श्रेणीत घसरण्याची भीती कुणालाच नाही. पहिले आठ बाद फेरीत: पहिला विरुद्ध आठवा, दुसरा विरुद्ध सातवा, असं. प्रत्येक टप्प्यावर एकच सामना, आणि उपांत्यपूर्व आणि उपांत्य फेरीत तक्त्यात वर असलेला संघ यजमान. बरोबरी झाली तर ३० मिनिटं जादा वेळ, मग पेनल्टी. अंतिम सामन्याचं मैदान तेवढं आधीच ठरलेलं असतं. २०२४ ला ते कॅन्सस सिटीचं सीपीकेसी स्टेडियम होतं, ११,५०० आसनांचं, खास महिला संघासाठी बांधलेलं, त्याच वर्षी मार्चमध्ये सुरू झालेलं.

आता तक्ता. ऑरलँडो प्राइड ६० गुण (१८ विजय, ६ बरोबरी, २ पराभव). वॉशिंग्टन स्पिरिट ५६. गॉथम ५६. कॅन्सस सिटी करंट ५५. मग एकदम खड्डा: पाचव्या नॉर्थ कॅरोलायना करेजचे ३९. पोर्टलंड आणि बे एफसी ३४, आठव्या शिकागोचे ३२. नवव्या लुइव्हिलचे २८.

तू वरची ओळ पाहिलीस आणि पुढे गेलीस. थांबायचं होतं दुसऱ्या, तिसऱ्या, चौथ्या ओळीवर. तिघींत मिळून एका गुणाचं अंतर. वॉशिंग्टन आणि गॉथमचे गुण सारखेच. वॉशिंग्टनचा गोलफरक (मारलेले वजा खाल्लेले गोल) +२३, गॉथमचा +२१. २६ सामन्यांनंतर दोन गोलांनी ठरलं की या दोघी उपांत्य फेरीत भेटल्या तर कुणाच्या अंगणात भेटतील. आणि त्या भेटल्याच. १६ नोव्हेंबरला वॉशिंग्टनच्या ऑडी फील्डवर गॉथम भरपाई वेळेपर्यंत १-० ने पुढे होती. तेव्हा हॅल हर्शफेल्टने बरोबरी साधली. पेनल्टीत गोलरक्षक ऑब्री किंग्सबरीने तीन फटके अडवले, निकाल ३-०. घरच्या प्रेक्षकांशिवाय तो गोल झालाच नसता असं कुणी सिद्ध करू शकणार नाही. पण एप्रिलमधल्या एखाद्या आधीच जिंकलेल्या सामन्यात वॉशिंग्टनने मारलेला 'फालतू' चौथा गोल फालतू नसतो, एवढं तरी यावरून पक्कं होतं.

कॅन्सस सिटीचं दुःख याहून मोठं. आक्रमण लीगमधलं सर्वांत धारदार. मलावीच्या टेम्वा चाविंगाने एका हंगामात २० गोल केले आणि सॅम करचा २०१९ चा १८ गोलांचा विक्रम मोडला. शिवाय उरलेल्या तेराही संघांविरुद्ध गोल केला, जे आधी कुणी केलं नव्हतं. पण सात सामने बरोबरीत सुटले. त्यातला एक, कुठलाही एक, जिंकला असता तर ५७ गुण, म्हणजे दुसरा क्रमांक, म्हणजे उपांत्य सामना घरी. त्याऐवजी चौथा क्रमांक आला, ऑरलँडोला जावं लागलं आणि तिथे २-३ अशी हार. अंतिम सामना मात्र त्यांच्याच स्टेडियमवर, दुसऱ्या दोन संघांचा.

त्या वर्षी अंतिम फेरीआधीचे सहाही सामने यजमानांनी जिंकले. ऑरलँडोने शिकागोला ४-१ ने झोडपलं, गॉथमने पोर्टलंडला २-१, कॅन्सस सिटीने करेजला १-०, आणि वॉशिंग्टनने बे एफसीला जादा वेळेत २-१. सहा सामन्यांवरून नियम काढू नकोस, कारण आदल्या वर्षी नेमकं उलट घडलं होतं. २०२३ ला १२ संघ होते, २२ सामने, आणि बाद फेरीत सहाच जागा. शील्डवाली सॅन दिएगो वेव्ह घरच्या मैदानावर उपांत्य सामना ०-१ ने हरली. सहावी आलेली गॉथम बाहेरचे दोन सामने जिंकून अंतिम फेरीत गेली आणि चॅम्पियन झाली. त्याच्या आदल्या वर्षी ती तक्त्यात शेवटची होती!

दोन्ही वर्षांतला फरक तक्त्यातच आहे. २०२३ ला पहिल्या संघाचे ३७ गुण आणि सहाव्याचे ३१. बावीस सामन्यांत फक्त सहा गुणांची दरी, म्हणजे सगळ्याजणी जवळजवळ सारख्याच ताकदीच्या. अशा वेळी यजमानपणाचा फायदा एका चुकीच्या पासने पुसला जातो. २०२४ ला पहिल्या चौघी वेगळ्याच पातळीवर होत्या, आणि त्यांच्या हातात घरचं मैदानही आलं. तेव्हा बाद फेरीचा अंदाज करण्याआधी वरच्या आणि शेवटच्या पात्र संघातलं अंतर मोज. अंतर लहान असेल तर पैज लावू नकोस.

२०२३ चीच आणखी एक गोष्ट. एंजेल सिटी, गॉथम आणि ऑरलँडो, तिघींचे ३१ गुण. जागा दोनच. ऑरलँडो गोलफरकावर बाहेर. सहावी आलेली गॉथम पुढे चॅम्पियन झाली हे लक्षात घेतलंस तर ऑरलँडोची संधी किती थोडक्यात हुकली ते कळेल. पुढच्या वर्षी त्यांनी बचावाचं जे केलं ते या पार्श्वभूमीवर बघ: २६ सामन्यांत फक्त २० गोल खाल्ले, आणि गोलरक्षक ॲना मूरहाउसने १३ क्लीन शीट ठेवल्या, म्हणजे १३ सामन्यांत एकही गोल खाल्ला नाही, लीगचा विक्रम. प्रशिक्षक सेब हाइन्सच्या या संघाबद्दल लिहिताना सगळे बार्ब्रा बांडापासून सुरुवात करतात. झांबियाची ही आघाडीची खेळाडू सुमारे ७ लाख ४० हजार डॉलर मोजून चीनमधल्या क्लबकडून आणलेली, हंगामात १३ गोल, आणि २३ नोव्हेंबरच्या अंतिम सामन्यात ३७ व्या मिनिटाचा एकमेव गोलही तिचाच. कौतुक रास्त आहे. पण सलग २३ सामने न हरणं हे आघाडीच्या खेळाडूचं काम नव्हे. एका गोलवर सामना जिंकता येतो तो मागची फळी शून्यावर टिकते म्हणून.

६ ऑक्टोबरला वॉशिंग्टनला २-० ने हरवून त्यांनी शील्ड पक्की केली, तीन सामने बाकी असताना. लगेच पोर्टलंडकडून ०-२, मग गॉथमकडूनही हार. लीगमधले दोन्ही पराभव शील्ड हातात आल्यानंतरचे. म्हणून हंगामाच्या शेवटच्या तीन आठवड्यांचे निकाल तक्त्यातल्या जागेसह वाच. कुणाला काय मिळवायचं उरलं आहे हे माहीत नसेल तर ते आकडे फसवतात. शील्ड आणि चॅम्पियनपद एकाच वर्षी जिंकणं त्याआधी फक्त नॉर्थ कॅरोलायनाला जमलं होतं, २०१८ आणि २०१९ ला.

आता तू विचारलेलं 'मोठे क्लब बाकावर (म्हणजे राखीव खेळाडूंवर) पैसा का ओतत नाहीत?' ओतता येत नाही. २०२४ ला पगाराची कमाल मर्यादा प्रत्येक संघाला २७ लाख ५० हजार डॉलर होती, आणि संघात जास्तीत जास्त २६ खेळाडू. भागाकार केलास तर सरासरी १ लाख ५ हजारांच्या आसपास येते. किमान पगार होता ३७,८५६ डॉलर. दोन-तीन मोठी नावं घेतली की बाकीच्या जागा किमान पगाराच्या जवळपास भरायच्या. मग राष्ट्रीय संघांच्या सामन्यांसाठी चौघीजणी निघून गेल्या की बाकावरचा तुटवडा उघडा पडतो. अशा वेळी तात्पुरत्या बदली खेळाडू घेण्याची सोय नियमांत आहे, पण आठवड्याभरात आलेली मुलगी बचावाची रेषा कुठे धरायची हे लगेच शिकत नाही. कॉर्नरवर कोण कुणाला धरतंय यात पहिली गफलत होते. त्या आठवड्यात तिकडे लक्ष ठेव.

२०२४ ला त्यात ऑलिंपिकची भर होती. जुलै-ऑगस्टमध्ये लीग थांबली, पण थांबली ती घरी राहिलेल्यांसाठी. ऑरलँडोच्या मार्तासारख्या खेळाडू ब्राझीलकडून अंतिम सामन्यापर्यंत, म्हणजे १० ऑगस्टपर्यंत, खेळून परतल्या. त्या काळात मेक्सिकोच्या क्लबांसोबत समर कप झाला. त्याचे गुण लीगमध्ये धरत नाहीत. तसंच हंगामाच्या सुरुवातीचा चॅलेंज कप: आदल्या वर्षीची शील्डवाली विरुद्ध चॅम्पियन, एकच सामना. सॅन दिएगोने गॉथमला १-० हरवलं आणि त्यानंतर लीगमध्ये थेट दहाव्या क्रमांकावर घसरली. प्रशिक्षक केसी स्टोनी यांना जूनमध्येच काढलं. त्या कपावरून हंगामाचा अंदाज करू नये, इतकंच.

दुखापतींचं गणित कुणालाच मांडता येत नाही. वॉशिंग्टनची क्रॉय बेथ्यून, पहिल्याच वर्षी १० गोलसाहाय्य करून टोबिन हीथच्या विक्रमाशी बरोबरी केलेली, ऑगस्टमध्ये बेसबॉलच्या सामन्याआधी समारंभाचा चेंडू टाकताना गुडघ्याची कुर्चा फाटून बाहेर गेली. फुटबॉलच्या मैदानावर नव्हे, बेसबॉलच्या! तरी तो संघ दुसरा आला आणि अंतिम फेरीत खेळला. राखीव खेळाडूंची ताकद कशाला म्हणतात याचं यापेक्षा चांगलं उदाहरण सापडणार नाही.

स्वतः हंगाम वाचायचा असेल तर साधी वही कर. प्रत्येक सामन्यापुढे पाच नोंदी: मागच्या सामन्यापासून विश्रांतीचे दिवस, प्रवास किती, मैदान गवताचं की कृत्रिम, कोण गैरहजर, आणि ७५ व्या मिनिटानंतर काय झालं. प्रवास हलका समजू नकोस. सिएटल ते ऑरलँडो चार हजार किलोमीटरहून जास्त आहे आणि घड्याळात तीन तासांचा फरक. पोर्टलंड आणि सिएटलची मैदानं कृत्रिम गवताची: चेंडू वेगळा उसळतो, लांब पास हातभर पुढे निघून जातो, पाहुण्या संघाची पहिली वीस मिनिटं अंदाज घेण्यात जातात. उन्हाळ्यात फ्लोरिडात वीज चमकली की खेळ थांबतो, आणि प्रत्येक नव्या कडाडण्याबरोबर थांबण्याची मुदत पुन्हा पहिल्यापासून मोजतात. दीड-दोन तासांनी पुन्हा सुरू झालेल्या सामन्यात आधी दाबून खेळणारा संघ थंड पडलेला बरेचदा दिसतो. पाचवी नोंद सर्वांत कामाची. दोन गोलांनी हरत असताना ८५ व्या मिनिटाला प्रशिक्षक सगळ्यांना पुढे धाडतो की तिसरा गोल वाचवतो, यावर त्याचा गोलफरकाशी व्यवहार कळतो. २०२३ ची ऑरलँडो आठव.

तुझ्याशी एका गोष्टीत मी पूर्ण सहमत आहे: १४ संघांत बाद फेरीच्या आठ जागा जास्त होत्या. शिकागो २६ पैकी १४ सामने हरली तरी बाद फेरीत पोचली. २०२३ ला आत शिरायला सामन्यागणिक साधारण १.४ गुण लागले, २०२४ ला १.२ पुरले. वरच्या चौघींसाठी २६ सामने महाग होते, सहाव्या-सातव्या-आठव्यांसाठी स्वस्त. २०२६ पासून बॉस्टन आणि डेन्व्हर धरून १६ संघ आणि ३० सामने. तेव्हा आठ म्हणजे निम्मे, जरा बरं.

ड्राफ्टबद्दल, म्हणजे क्लबांनी कॉलेजच्या खेळाडू पाळीपाळीने निवडण्याबद्दल, विचारलं होतंस, तर तो बंद झाला. ऑगस्ट २०२४ मध्ये खेळाडूंच्या संघटनेशी नवा करार झाला, २०३० पर्यंतचा. कॉलेजमधून येणारी मुलगी आता स्वतः क्लब निवडते, आणि खेळाडूला तिच्या संमतीशिवाय दुसऱ्या क्लबला देता येत नाही. शेवटचा ड्राफ्ट जानेवारी २०२४ चा, पहिली निवड ॲली सेंटनर, यूटा रॉयल्स. २०२५ ला पगारमर्यादा ३३ लाख आणि किमान पगार ४८,५०० डॉलर झाला. खालच्या क्रमांकाला चांगल्या निवडीचं बक्षीस उरलं नाही, त्यामुळे शेवटून दुसरी आलेली टीम आता कशाच्या जोरावर वर येणार हे बघण्यासारखं आहे. माझा कल सराव-सुविधांकडे आहे. मुली तेच विचारून सही करतील.

जुने सामने बघणार असशील तर अंतिम सामन्यापासून सुरुवात करू नकोस; तो घट्ट आणि सावध आहे. आधी ऑरलँडो-कॅन्सस सिटी उपांत्य सामना बघ, मार्ताच्या गोलसाठी थांब, मग वॉशिंग्टन-गॉथमची शेवटची दहा मिनिटं आणि पेनल्टी. किंग्सबरी प्रत्येक फटक्याआधी रेषेवर काय करते ते बघून लिही.

तुझी,
सुनेत्रा