हिरवाइनचा गॅरेथ

ट्रेफॉरेस्ट, वेल्स
रविवार

ती. आई-बाबा, सा. न.

मी मजेत आहे, फक्त पाऊस काही थांबायचं नाव घेत नाही. हे पत्र बंड्याला मुद्दाम वाचून दाखवा, त्याच्या हाणामारीच्या पिक्चरबद्दल आहे.

काल इथून जवळच हिरवाइनला गेले होते. नाव ऐकून मला वाटलं काहीतरी हिरवंगार असणार, पण वेल्शमध्ये अर्थ निघाला लांबलचक माळरान. कोळशाचं गाव. शेजारची टॉवर खाण १९९४ ला बंद पडली तर कामगारांनी स्वतःचे पैसे घालून ती विकत घेतली आणि २००८ पर्यंत चालवली, बाबा, गिरणीची आठवण आली ना?

तर 'द रेड' या हाणामारीच्या पिक्चरचा दिग्दर्शक गॅरेथ एव्हान्स या गावचा. शिकला पण ग्लॅमॉर्गनला, म्हणजे आताच्या माझ्याच युनिव्हर्सिटीत! बायको मूळची इंडोनेशियाकडची, तिकडे सिलाट या मारामारीच्या कलेवर डॉक्युमेंटरी करायला गेला आणि तिथे त्याला इको उवेस भेटला, टेलिफोन कंपनीत ड्रायव्हर होता तो, यानं त्यालाच हिरो केलं. आधी २००९ चा 'मेरांताउ', मग २०११ चा 'रेड', खर्च साधारण अकरा लाख डॉलर, म्हणजे हॉलिवूडच्या हिशोबात चहापाणी.

बंड्या, तुझ्या बाकीच्या पिक्चरांमध्ये कॅमेरा इतका हलतो की कोण कोणाला मारतंय तेच कळत नाही, याचं तसं नाही. आधी अख्खी फायटिंग साध्या व्हिडिओ कॅमेऱ्यावर शूट करून, कापून-जोडून बघतात, मग खरं शूटिंग, आणि एडिटिंगही हाच करतो. 'रेड'च्या दुसऱ्या भागात कॅमेरा धावत्या गाडीच्या एका खिडकीतून आत शिरून दुसरीकडून बाहेर पडतो ना, तिथे आत एक कॅमेरामन चक्क सीटचं कव्हर घालून सीट होऊन बसलेला! पुढच्यानं कॅमेरा दिला, यानं घेतला आणि पलीकडच्याला दिला. बाकी तो दुसरा भाग मला फारच लांबला असं वाटलं, तू भांडशील, भांड.

नंतर गडी घरी परतला. २०२५ ला आलेला त्याचा 'हॅवॉक' अमेरिकेतल्या शहरात घडतो पण शूटिंग सगळं इथे वेल्समध्ये, बघताना माझं अर्धं लक्ष खिडक्या आणि रस्ते ओळखण्यातच होतं.

आई, तू मात्र यातलं काही बघू नकोस. 'रेड'मध्ये एकाच्या गळ्यात फुटकी ट्यूबलाइट खुपसतात, मी उशी तोंडावर घेतली होती. मेतकूट संपलं, कोणी येत असेल तर पाठव.

तुमची,
ताई