बोनस घेताना ‘मी’, बुडाल्यावर ‘सिस्टिम’

संपादक साहेब, नमस्कार

2008 च्या मंदीचा विषय निघाला की "तेव्हा कोणालाच काही कळलं नव्हतं" हे कोणीतरी म्हणतंच आणि माझं डोकं फिरतं. कळत नव्हतं तर बँकांचे मोठे साहेब एवढा पगार कशाचा घेत होते हो? आणि कळत नव्हतं असंही नाही, सिटीग्रुप या अमेरिकन बँकेचे प्रमुख चक प्रिन्स जुलै 2007 मध्ये स्वतःच म्हणाले होते की म्युझिक चालू आहे तोवर उठून नाचावंच लागतं. म्हणजे कधीतरी थांबणार हे माहीत होतं ना!

रॉयल बँक ऑफ स्कॉटलंडचंच घ्या. ती वाचवायला ब्रिटन सरकारने लोकांच्या पैशातून साडेपंचेचाळीस अब्ज पौंड ओतले आणि बॉस फ्रेड गुडविन पन्नाशीतच वर्षाला 7 लाख पौंडांच्या वर पेन्शन घेऊन घरी. संसदेच्या कमिटीपुढे माफी मागून झाली, पण पेन्शन कमी केली ती लोकांनी बोंबाबोंब केल्यावरच. माफी मागायला काय जातंय?

सरकारी पैशाने वाचवलेल्या एआयजी या अमेरिकन विमा कंपनीचं तर विचारूच नका. ज्या डिपार्टमेंटने कंपनी खड्ड्यात घातली त्यांनाच मार्च 2009 मध्ये साडेसोळा कोटी डॉलर बोनस, का तर म्हणे करारात लिहिलंय. त्याच सुमारास जनरल मोटर्स, क्रायस्लर या मोटार कंपन्यांच्या कामगारांचेही करार होतेच की, ते मात्र सरकारी मदत हवी म्हणून बदलून घेतले.

चुकीचा निर्णय म्हणजे गुन्हा नाही हे मलाही पटतं, आणि काउंटरवरच्या कारकुनाला शिव्या घालण्यात तर काहीच अर्थ नाही. पण छोट्याशा आइसलंडने बँकांच्या मोठमोठ्या साहेबांना जेलमध्ये पाठवलं आणि अमेरिकेत वॉल स्ट्रीटवरच्या बँकांमधला जेमतेम एक वरिष्ठ माणूस आत गेला, तोही 30 महिन्यांसाठी, हे कसं काय?

ब्रिटनने 2016 पासून कोणत्या कामाला कोण साहेब जबाबदार हे नावानिशी लिहून ठेवायला लावलंय, ते बरं केलं. पण खरी दुखरी नस पैसा आहे, बोनस पाच-सात वर्षं अडकवून ठेवा आणि बँक बुडाली तर परत घ्या, मग बघा रिस्क कशी आपोआप दिसायला लागते. अमेरिकेतली सिलिकॉन व्हॅली बँक 10 मार्च 2023 ला बुडाली, तिच्या सीईओने 27 फेब्रुवारीला सुमारे 36 लाख डॉलरचे शेअर्स विकले होते. विक्रीचा प्लॅन आधीच फाइल केलेला, त्यामुळे नियमात बसतं म्हणे.

तुम्हाला एक विनंती, बँक बुडाल्याची बातमी पहिल्या पानावर येते, पण वर्षभराने त्या साहेब लोकांच्या बोनसचं काय झालं, कोणाकडून किती परत घेतले, हेही छापत जा, आतल्या पानावर चालेल.

आपला,
एक नियमित वाचक