‘लगाई-खाई’चा अर्थ बातमीत द्यावा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

क्रिकेट सट्ट्यावरील छाप्यांच्या बातम्यांत ‘लगाई’ आणि ‘खाई’ हे शब्द अर्थ न देता छापले जातात, याची मला मनापासून काळजी वाटते. गेल्या मोसमात माझ्या भाच्याच्या वहीच्या मागच्या पानावर पेन्सिलीने ‘४०-४२ खाई’ असे लिहिलेले दिसले, तेव्हा मला ते गणित वाटले.

जिंकण्याची शक्यता जास्त असलेल्या संघाचा भाव ४०-४२ असेल, तर त्याच्यावर १०० रुपयांची ‘लगाई’ करणाऱ्याला तो संघ जिंकल्यास ४० रुपये मिळतात, हरल्यास त्याचे १०० जातात. ‘खाई’ करणारा मात्र त्या संघाच्या विरोधात असतो, म्हणजे संघ हरल्यास त्याला १०० मिळतात आणि जिंकल्यास ४२ द्यावे लागतात. मधल्या फरकावर बुकीची कमाई असते. येथे ‘खाई’ म्हणजे दरी नव्हे. ‘पेटी’ म्हणजे लाख आणि ‘खोका’ म्हणजे कोटी, हे आता बहुतेकांना ठाऊक आहे. पण नवी पेठेत चहा घेताना शेजारची मुले भाव बोलू लागली, तर आम्हा वडीलधाऱ्यांना अवाक्षर कळत नाही. तरी अशा प्रत्येक बातमीत एका ओळीत अर्थ द्यावा, ही विनंती.

आपला,
एक वाचक, सोलापूर